गालावर पारखलेलं खुरपं

बागेतलं तण बोटांनी उपटून कंटाळलो होतो, म्हणून कळवणच्या आठवडे बाजारात खुरपं घ्यायला थांबलो. शेजारी एक बाई उकिडवी बसून ढिगातलं एकेक खुरपं उचलत होती. पातं मातीत ओढून बघायची आणि मग लाकडी मूठ चक्क गालावर घासायची. पाच-सहा तिनं अशीच बाजूला टाकली. मला काही राहवेना.

"मावशी, गालाला कशाला लावता?"

"हाताला आता काय कळत नाय." तिनं तळवा पुढे केला. नुसते घट्टे. "गालाला बारीक कुसळ बी लागतं. सुनेसाठी घेते."

मीही मग गालाला लावूनच एक निवडलं. दाढीच्या खुंटांमुळे मला काहीच कळलं नाही.

"सून खूश होईल," मी म्हणालो.

"तिला आत्ता नाय देनार. नवी मूठ हाताला लय फोड आणती. हंगामभर मी वापरीन. गुळगुळीत झाली की मग तिला."

"तुम्हालाही असंच कोणी वापरून दिलं होतं का?"

खुरपं पिशवीत टाकत ती खळखळून हसली.

"सासूनं दिलं ना. नवंकोरं!"