कापसावरचा काळा मळ

सासरी बायकांनी दोन गोष्टींना हात लावायचा नाही असा कायदा होता. एक सासऱ्यांची दाढीची पेटी आणि दुसरी रिकार्ड वाजवायची मशीन. रिकार्डी मात्र बायकांनीच धुवायच्या. बायकांनी म्हणजे मी. सासू माझ्या लग्नाआधीच गेलेली आणि नणंद परभणीला नर्सचं शिकायला. म्हणजे कायदा माझ्या एकटीसाठीच केलेला, असं म्हणायला काही हरकत नाही.

सासऱ्यांचा लाऊडस्पीकरचा धंदा होता. आखाडा बाळापुरात लग्न असो, बारसं असो, जयंती असो, भोंगा आमचाच. औंढ्यापर्यंतच्या सुपाऱ्या यायच्या. दोन भोंगे, एक बॅटरी, ती मशीन आणि शंभरेक रिकार्डी. माल बैलगाडीत घालून मोठ्या थाटात जायचा आणि परत यायचा तेव्हा त्याची अवस्था बघवत नसे. रिकार्डींवर हळदीची बोटं, गुलाल, अक्षतांचे दाणे. एकदा तर जिलबीचा पाक होता, आणि त्याच्यावर मुंग्या. वऱ्हाडी नाचून दमले की त्यांना रिकार्ड आणि पत्रावळ यातला फरक कळत नसावा.

मग माझं काम सुरू. आदल्या दिवशी रिठे फोडून भिजत घालायचे. मऊ झालेल्या लुगड्याचा तुकडा त्या फेसात बुडवून रेषांच्या दिशेनं गोल गोल पुसायचं, आडवं कधीच नाही. मधला कागद भिजू नये म्हणून त्याच्यावर वाटी पालथी दाबून धरायची. दुसऱ्या पाण्यानं रिठा काढायचा आणि सावलीत, जुन्या कापडाच्या धडप्यावर, सपाट वाळवायचं. उन्हात ठेवली की ती पापडासारखी वाकते. मग वर्तमानपत्राच्या पाकिटात घालायची. पाकिटं मीच खळीनं चिकटवायची, आणि खळीला झुरळं येतात म्हणून पेटीत कडुलिंबाचा पाला टाकायचा. हे मला कुणी शिकवलं नाही. चार रिकार्डी वाकवल्या, चार वेळा बोलणी खाल्ली आणि शिकले.

रिकार्डी दोन जातीच्या होत्या. नव्या प्लास्टिकच्या, हलक्या, जरा वाकवल्या तरी मोडत नसत. आणि जुन्या काळ्याकुट्ट, जड, हातातून सुटली की छपरावरच्या कवेलूसारखे तुकडे. सासऱ्यांचा जीव त्या जुन्यांवर. वीसेक होत्या, निजामाच्या काळापासून जमवलेल्या. पाहुणे आले की त्या काढून दाखवायचे, आणि मी चहा घेऊन गेले की म्हणायचे, "हिला काय कळतंय त्यातलं? धुती बिचारी भांड्यासारखी."

त्या जुन्या जातीची एक रिकार्ड माझीही होती. माझ्या लोखंडी पेटीत, लग्नाच्या पातळात गुंडाळलेली. तिच्यात माझी आई होती.

माझ्या मामाची गायन पार्टी होती. मी पाळण्यात असताना ती पार्टी मुंबईला रिकार्ड काढायला गेली, आणि भाकरी थापायला कुणीतरी पाहिजे म्हणून आईला सोबत नेलं. तिथं म्हणे पार्टीतल्या बाईचा घसा ऐन वेळेला बसला. मामानं आईला उभं केलं. कोरसमध्ये तर ती आहेच, पण मध्ये दोन ओळी तिच्या एकटीच्या आहेत. पोरीला शाळेत घाल गं बाई, अशा अर्थाच्या. रिकार्डीच्या कागदावर मामाचं नाव होतं आणि पुढं छापलेलं, 'आणि पार्टी'. माझी आई त्या 'आणि पार्टी'त. मी चौथीत असताना ती गेली आणि घरात भाकरी थापायला कुणी नाही म्हणून माझी शाळा सुटली. हसावं की रडावं? रिकार्डीत तीच बाई सांगते आहे, पोरीला शाळेत घाल.

आईचा फोटो नाही. कुणी काढलाच नाही. लुगडी होती ती वापरात फाटली. तिचं असं जगात उरलं होतं ते म्हणजे त्या दोन ओळी.

माझे वडील हिंगोलीत पॉलिशचं काम करायचे. खुर्च्या, कपाटं, रुखवतातले पलंग. त्यांच्या हाताला बारा महिने स्पिरिटचा वास. चपडी म्हणजे लाखेचे पापुद्रे असतात, ते स्पिरिटच्या बाटलीत टाकून बाटली उन्हात ठेवायची. पापुद्रे विरघळले की पॉलिश तयार. मशीन घ्यायची ऐपत नव्हती आणि माझ्या सासरी ती होती, म्हणून लग्नात ती रिकार्ड त्यांनी मला दिली. देताना एक गोष्ट करून दाखवली. फुटक्या रिकार्डीचा तुकडा कुठूनसा आणला आणि स्पिरिटच्या बाटलीत टाकला. दुसऱ्या दिवशी तळाशी काळा चिखल.

"बघ माय," ते म्हणाले, "ही जुनी रिकार्ड बी चपडीचीच राहती. पाणी चालंल, रिठा चालंल. स्पिरिटाचं बोट लागू देऊ नको."

मी ते कधी विसरले नाही. विसरले असते तर बरं झालं असतं.

दरसाल बुद्धपौर्णिमेला वडील यष्टीनं बाळापूरला यायचे. ओसरीवर बसायचे, पाणी प्यायचे आणि सासऱ्यांना म्हणायचे, "तेवढी एकदा लावता का?" सासरे उपकार केल्यासारखे उठायचे. एकदाच लावायचे, दुसऱ्यांदा म्हणलं तर पिन झिजते. त्या दोन ओळी आल्या की वडील डोळे मिटायचे. मी दारात उभी. ओळी संपल्या की ते लगेच टोपी घालायचे, गाणं पुरतं संपायच्या आधीच. वर्षातनं तेवढंच आमचं माहेरपण.

बहात्तरचा दुष्काळ सरून एखाद-दुसरं साल झालं असेल. जयंतीचा हंगाम उरकला होता, पौर्णिमेला आठ-दहा दिवस होते आणि नणंद सुट्टीवर आली. पांढऱ्या बुटांची, हातात घड्याळ. खोटं कशाला बोलू, पोरगी वाईट नव्हती. पण घरात तिचं काय कौतुक, काय कौतुक! मी अंगणात रिकार्डी धूत बसलेली बघून तिनं नाक मुरडलं.

"वहिनी, काहून एवढा पसारा घालून राहिल्या? आमच्याकडं सुई, चिमटा, सगळं स्पिरिटनं साफ होतं. एका मिनिटात."

बॅगेतनं तिनं बाटली काढली. बूच उघडलं आणि माझे वडीलच अंगणात आल्यासारखा वास सुटला. एक प्लास्टिकची रिकार्ड घेतली, कापूस फिरवला, आणि खरंच, आरशासारखी लखलखीत. वाळवायचं काम नाही, काही नाही. सासरे खुर्ची घेऊन बाहेरच आले.

"याला म्हणतेत शिक्षण!" ते म्हणाले, आणि माझ्याकडं वळून, "चार वर्षं झाली, ही आपली रिठेच फोडून राहिली."

त्यांनी सगळी पेटी बाहेर काढायला लावली. जुन्या वीस रिकार्डी वर होत्या. मी सासऱ्यांना म्हणलं, "मामा, जुन्याला स्पिरिट..."

"तू तुझे रिठे फोड. भांडे घासायला होतील."

शेजारची बाई कुंपणावरनं हसली. माझ्या कानशिलात आग आग झाली. बरं, म्हणलं. बरं.

पण गोष्ट तिथंच संपली असती तर मी आज हे लिहायला बसले नसते. नणंदेनं जुनी रिकार्ड हातात घेतली, वजन बघितलं आणि थांबली. हुशारच होती ती. मला हळूच विचारलं, "वहिनी, या जुन्या बी पुसू ना? काही होत न्हाई ना?"

एक शब्द पुरे होता. मी तिच्या घड्याळाकडं बघितलं आणि म्हणलं, "तुमी शिकलेल्या. मला काय कळतं?"

आणि उठून ओसरीत गेले, चार हातांवर, तिच्याकडं पाठ करून रिठे फोडत बसले. मुद्दाम पाठ केली. वरवंट्यानं एकेक रिठा फोडताना मला काय आनंद झाला म्हणून सांगू! मागून सासऱ्यांचा आवाज येत होता, "अरे बाप रे, काय मळ निघून राहिला! कापूस तर काळा ठिक्कर! चार वर्षांचा मळ ठेवला होता हिनं." मी खाली मान घालून हसत होते. मळ नव्हता तो. त्यांची रिकार्डच निघून कापसावर येत होती. काढा म्हणलं, अजून काढा. घासा चांगलं.

तेवढ्यात आमचे हे माझ्याजवळ येऊन उभे राहिले. माझा नवरा बापापुढं तोंड न उघडणारा माणूस. चार वर्षांत माझ्यासाठी त्यानं आपणहून काही केलं असेल तर मला आठवत नाही. त्या दिवशी मात्र चेहरा उजळलेला.

"तुझ्या पेटीतली बी दिली मी," ते म्हणाले. "तुझे वडील येऊन राहिले ना पुनवेला. म्हणलं, लख्ख करून ठेवू."

वरवंटा माझ्या हातातनं पडला तो पायावर. कशी धावले मला माहीत नाही, चार हात तर होते. नणंदेच्या मांडीवर माझी रिकार्ड होती. एक बाजू पुसून झाली होती, दुसरी अर्धी. रेषा होत्या तिथं नुसतं करडं, बुरशी आल्यासारखं. मधल्या कागदावर स्पिरिटचा ओघळ गेलेला आणि 'आणि पार्टी' ही अक्षरं फुगून फाटलेली. शेजारी काळ्या कापसाच्या बोळ्यांचा ढीग. त्यातल्या कोणत्या बोळ्यात माझी आई होती, ते मला कोण सांगणार?

मी ती हिसकावून घेतली आणि मशीनपाशी गेले. कायदाबियदा गेला खड्ड्यात. लावली. घशात राख कोंबल्यासारखा आवाज. मामाची पार्टी नाही, कोरस नाही. पिन फिरत गेली आणि त्या दोन ओळींची जागा आली तशी गेली. मला तिथं काही ऐकू आल्यासारखं वाटलं, पण ते माझ्याच डोक्यातलं होतं.

मग सासऱ्यांनी त्यांच्या लावून बघितल्या. एकेक करून वीसच्या वीस. तोंड पांढरं पडलं म्हाताऱ्याचं. लेकीला मात्र काही बोलले नाहीत. "जुना माल, मुदत भरली होती," म्हणाले आणि मशीनचं झाकण लावलं. त्यांचा असा चेहरा बघायचा म्हणून मी गप्प बसले होते. तो समोर होता आणि मला त्याच्याकडं बघायचीही इच्छा नव्हती.

नणंद रडत माझ्याजवळ आली. "वहिनी, मी तुमाला विचारलं होतं ना?"

"मला काय माहीत होतं?" मी म्हणलं.

ती बिचारी दुसऱ्याच दिवशी परभणीला निघून गेली. नंतर कितीतरी वर्षं माझ्यासाठी काही ना काही आणायची, बांगड्या आणायची, पातळ आणायची. मी घेत राहिले.

पौर्णिमेला वडील आले. ओसरीवर बसले, पाणी प्याले आणि नेहमीसारखं सासऱ्यांकडं बघितलं. सासरे उठून आत गेले. मग मीच ती रिकार्ड त्यांच्या हातात दिली. त्यांनी ती उजेडात धरली, बोट फिरवलं आणि नाकाशी नेली. पॉलिशवाला माणूस, त्यांना काय सांगायचं?

"स्पिरिट," ते म्हणाले. "कोणी केलं?"

"नणंदेनं. तिला ठाऊक नव्हतं."

"आन् तू कुठं व्हतीस?"

"पाण्याला गेले होते."

त्यांनी मान हलवली. रिकार्ड माझ्या लग्नाच्या पातळात जशी होती तशी गुंडाळली आणि माझ्या हातात दिली. टोपी घातली. माझ्या डोक्यावर तो वासाचा हात ठेवला.

"रडू नको माय. तुझी काय चूक? तू घरी असतीस तर तू होऊ दिलं असतंस का?"

त्यानंतर ते पौर्णिमेला आले नाहीत. यायचं कारणच उरलं नव्हतं. ते गेले तोवर मी त्यांना खरं सांगितलं नाही. मी घरीच होते. ओसरीत, चार हातांवर, पाठ करून रिठे फोडत होते, आणि हसत होते.