विषय : जिप्सी

नवरा गेल्यावर घरातलं काय कमी झालं, असं कुणी विचारलं तर मी ‘हं’ असं सांगते. आमचे हे गणिताचे मास्तर. पेपरमधून डोकं न काढता ‘हं’ म्हणायचे. मी भाजीवालीशी झालेलं भांडण सांगतेय, ‘हं’. शाळेतल्या मोठ्या बाईंची कागाळी सांगतेय, ‘हं’. एकदा मुद्दाम म्हटलं, "उद्यापासून मी सर्कशीत चालले, वाघासंगं." ‘हं.’ अख्खा संसार मी त्या एका अक्षरावर बोलत काढला आणि वर चिडायची की हा माणूस ऐकत नाही. आता नांदेडच्या ह्या फ्लॅटमध्ये मी बोलले की फ्रिज तेवढा घुरघुरतो. पोरगा लातूरला. संध्याकाळी त्याचा फोन येतो. जेवलीस का, गोळी घेतलीस का, दार लावलंस का. सगळ्याला हो म्हटलं की फोन संपतो. मी एकदा मध्येच "आज काय झालं माहितेय का..." म्हणून सुरू केलं, तर तिकडून म्हणाला, "आई, मीटिंगमध्ये हाय. नंतर बोलू का?" नंतर म्हणजे दुसऱ्या दिवशी. जेवलीस का.

म्हणून आमच्या कॉलनीतल्या ज्येष्ठ नागरिक संघाच्या सचिवांनी जिन्यात गाठून विचारलं, "बाई, ह्या महिन्याचं भाषण तुमचं ठेवू का?" तेव्हा मी आढेवेढेसुद्धा घेतले नाहीत. बाईच्या जातीनं निदान एकदा तरी ‘छे, मी काय बोलणार’ म्हणायचं असतं. मी म्हटलं, "कधी?"

विषय मी तिथंच सांगून टाकला. युरोपातल्या चित्रांमधली आणि गाण्यांमधली जिप्सी बाई.

सचिव बॅंकेतून रिटायर झालेले. त्यांनी जरा डोकं खाजवलं. "भारी होतंय हो. मधुमेहावर बोला की. गर्दी होते."

"मला मधुमेह नाही."

"मग तर बेस्टच. कसा झाला न्हाई ते सांगा."

मी ऐकलं नाही. खरं सांगायचं तर मी मधुमेहावरही बोलले असते, पापडावरही बोलले असते. मला फक्त समोर खुर्च्या हव्या होत्या, खुर्च्यांवर माणसं हवी होती आणि त्यांची तोंडं माझ्याकडं हवी होती. पण बोलायचंच आहे तर आवडीचं बोलावं. आणि ही जिप्सी बाई माझ्या फार जुन्या ओळखीची. एके काळी मी स्वतःच ती होते.

म्हणजे असं मला वाटायचं.

अहमदपूरला कॉलेजात असताना आमच्या ड्रॉइंगच्या सरांकडं परदेशी चित्रांचं एक जाडजूड पुस्तक होतं. त्यात एक बाई भिंतीला टेकून उभी. काळेभोर केस, डोक्याला रुमाल, हातात खंजिरी, आणि झग्याचा गळा एका खांद्यावरून घसरलेला. नजर अशी, की ही कुणाच्या बापाला भीत नसणार. मला त्या वयात दुपारी मैत्रिणीकडं जायचं तरी आईला विचारावं लागायचं. मी ते चित्र पाहिलं आणि ठरवलं, मी आतून हीच आहे. मग घरात ब्लाउजचा गळा ओढून खांदा उघडा टाकायचा आणि भिंतीला टेकून उभं राहायचं, हा माझा कार्यक्रम सुरू झाला. त्या वेळचा माझा खांदा म्हणजे कपडे अडकवायची खुंटी. आई चुलीपासून ओरडायची, "खांदा झाक गं, सर्दी होईल!" असल्या अडाणी घरात माझ्यासारखी मुक्त स्त्री कशी जन्मली, ह्याचं मला फार वाईट वाटायचं.

गॅदरिंगला मी जिप्सी नाच जाहीर केला. झगा कुठून आणायचा? तर बाजाराच्या दिवशी तांड्यावरून लमाण बाया लाकडाच्या मोळ्या घेऊन यायच्या. त्यांचे ते आरशांचे, कवड्यांचे घागरे बघून मला वाटलं, हे काय, हेच की! त्यातल्या एकीला मी गाठलं. माझ्यापेक्षा फार मोठी नसेल. म्हटलं, "तुमचा घागरा एक दिवस देता का? मला नाचायचंय."

तिनं मला खालपासून वरपर्यंत बघितलं. तिच्यासोबतच्या बायांना त्यांच्या भाषेत काहीतरी बोलली. सगळ्या अशा हसल्या की शेजारचं गाढव दचकलं. मग मला म्हणाली, "नाचाय पायजे? ने की. पन घागऱ्यासंगं मोळी बी न्यावी लागती बग. डोक्यावर घे, अन् नाच."

मला राग आला. ही बाई स्वतःच मुक्त आहे आणि हिला ते माहीतच नाही, असं मी मैत्रिणींना सांगितलं. काय अक्कल पाजळायची मी!

मग घागरा मी चादरीचा शिवला आणि आरसे डिंकानं चिकटवले. दातांत गुलाब धरायचा असतो असं कुणीतरी सांगितलेलं. सरांच्या बागेतला गावठी गुलाब आणला, त्याचे काटे काढायचे हे मुक्त स्त्रीला सुचलं नाही. स्टेजवर पहिलीच गिरकी घेतली आणि डिंकानं जीव सोडला. आरसे सुटले ते पहिल्या रांगेतल्या प्राचार्यांच्या मांडीवर. ओठातून रक्त. मागून पोरं ओरडायला लागली, "लमाणीण आली रे, लमाणीण आली!" आणि मी नाच थांबवून, गुलाब हातात घेऊन, माईकपाशी जाऊन सगळ्या कॉलेजला सुनावलं, "मी लमाणीण नाहीये! जिप्सी आहे!"

पुढे कितीतरी वर्षं अहमदपुरात मला ‘जिप्सी’ म्हणूनच ओळखायचे. आता ते म्हणणारंही कुणी उरलं नाही. गेल्या वर्षी तिथं एका लग्नाला गेले तर हॉलभर माणसांत मला एकजणही भेटेना, जिला ‘आठवतंय का गं?’ म्हणता येईल. जेवले आणि परत आले.

तर भाषण. मी जीव लावून तयारी केली. नातीनं लातूरहून चित्रं शोधून पाठवली, मी ती क्रमानं लावली. आरशासमोर उभं राहून बोलून बघितलं. आरशातली म्हातारी बरं ऐकत होती. ठेवणीतली इरकल काढली. पोरगा म्हणाला होता, जमलं तर येतो. ‘जमलं तर’ ह्याचा अर्थ मला कळतो, तरी पहिल्या रांगेत दोन खुर्च्यांवर मी रुमाल टाकून ठेवले.

हॉल भरला. मी चकितच. पुरुषच पुरुष, आणि काही तर कधी न दिसणारे. दाराशी काठ्या ठेवून उत्साहानं बसलेले. मला वाटलं, नांदेडात कलेची एवढी कदर! तेवढ्यात पहिल्या रांगेतल्या एकानं रुमाल उचलून बाजूला ठेवला, बसला आणि शेजाऱ्याला म्हणाला, "आमच्याकडं पेट्रोलवाली होती. फोर व्हील. चिखलात घाला, कुठं बी घाला, मागं हटायची न्हाई."

"ॲव्हरेज काय द्यायची?"

"ॲव्हरेजचं नाव काढू नका. पाण्यावानी प्यायची. पन सरकारचं पेट्रोल, आपल्या बापाचं काय जातंय?"

सचिवांनी व्हॉट्सॲपवर टाकलेली सूचना मी तेव्हा नीट वाचली. ‘विषय : जिप्सी. चहाची सोय आहे.’ बाकीचं मोठं होत होतं म्हणून गाळलं, असं ते नंतर म्हणाले. आता आमच्याकडं जिप्सी म्हणजे पोलिसांची, तहसीलची, फॉरेस्टची ती उघडी जीप. दुसरा अर्थ कुणाला सुचायचं कारणच नाही.

मी उभी राहिले. पहिलं चित्र पडद्यावर आलं. तीच, भिंतीला टेकलेली.

मागून एकजण हळूच म्हणाला, "गाडीच्या आधी बाई का दाखवून राहिले?"

"जाहिरात असंल. पूर्वी गाडीसंगं बाई उभी करायचेच."

मी सांगायला लागले. की ह्या बाईला जिप्सी म्हणतात तेच मुळात चुकीचं. ही माणसं युरोपात पोचली तेव्हा तिथल्यांना वाटलं ती इजिप्तची, त्यावरून ते नाव पडलं. त्यांच्यातल्या कितीतरी जणांना आज ते शिवीसारखं लागतं. ती स्वतःला रोमा म्हणवतात. गेली ती आपल्या हिंदुस्थानातून, फार फार पूर्वी. आपल्या तांड्यांशी त्यांचं नक्की नातं काय, ह्यावर जाणकार भांडतात.

पहिल्या रांगेतले दोघं चहा झाला का बघायला उठले. ते आले नाहीत.

मी दुसरं चित्र दाखवलं. ती एका श्रीमंत पोराचा हात बघतेय, गोड हसतेय आणि बोटातली अंगठी अलगद काढून घेतेय. असली चित्रं ढिगानं काढली, म्हटलं. घरात टांगली की पाहुण्यांना सांगता यायचं, बघा कशी चोर जात. आणि गाणी? ही माणसं हॉटेलात फिडल वाजवायची, मोठे संगीतकार ते ऐकून जायचे, कागदावर उतरवायचे आणि वर आपलं नाव घालायचे. त्यांच्या संगीत नाटकांत ही बाई असली की पहिल्या अंकात नाचणार, मधल्या अंकात कुणाला तरी नादी लावणार आणि शेवटी बहुतेक मरणार. लोक टाळ्या वाजवून जेवायला जाणार.

इथं मागची रांग चहाला गेली.

मी आणखी जोरात बोलायला लागले, जणू आवाजानं माणसं धरून ठेवता येतात. चित्राखालची नावं वाचून दाखवली. चित्रकाराचं नाव असतं, बाईचं नसतं. खंजिरीवाली जिप्सी. लेकराला घेतलेली जिप्सी. पत्ते बघणारी जिप्सी. आणि पुष्कळदा ती त्यांच्यातली नव्हतीच. पैसे घेऊन चित्रासाठी बसणारी तिथलीच कुणी पोरगी. तिला रुमाल बांधायचा, खांदा उघडा टाकायचा, हातात खंजिरी द्यायची. म्हणजे चादरीचा घागरा घातलेली मीच. मी मुक्त व्हायला जिच्याकडं बघत होते, ती बिचारी पाठ अवघडून ‘अजून किती वेळ’ म्हणत उभी असणार.

हे वाक्य मी आरशासमोर बसवलेलं होतं. त्यावर सगळे हसतील असा अंदाज होता. मी हसायला जागा सोडली. पंख्यांचा आवाज आला.

सचिव दारात उभे राहून कपबशी सावरत होते. खुर्च्यांवर एकच माणूस. तिसऱ्या रांगेत, टोपी मांडीवर, पाठ ताठ, नजर माझ्यावर. डोळा हलत नव्हता. सरकारी ड्रायव्हर म्हणून रिटायर झालेले, पलीकडच्या गल्लीतले, एवढं मला माहीत होतं. मग मी त्यांच्यासाठी बोलले. उरलेलं सगळं भाषण त्या एका चेहऱ्याला केलं. ते मध्ये मध्ये मान हलवायचे. खोटं कशाला सांगू, मला भरून आलं. इतक्या दिवसांत एवढं सलग मी कुणाशी बोलले नव्हते.

संपल्यावर ते उठून जवळ आले. हात जोडले.

"बाई, लई मन लावून बोलत होता तुम्ही."

"तुम्ही ऐकलंत म्हणून."

"काय?"

"तुम्ही ऐकलंत म्हणून!"

त्यांनी कानाला हात लावून मान हलवली. "मशीन घरी ऱ्हायली. मला ह्या कानानं बिलकुल न्हाई आन् ह्यानं थोडं. पन म्हनलं, सगळे उठून चालले, बाईमाणूस एकटं बोलून राहिलं, आपुन तरी बसावं." मग संकोचून म्हणाले, "तेवढी जिप्सी काय दाखवली न्हाई तुम्ही. मी वीस वर्षं चालवली हो. म्हनलं, शेवटाला दाखवतीन."

मला हसू आलं. म्हटलं, नाही, आज ह्या माणसाच्या डोक्यात एक तरी गोष्ट गेलीच पाहिजे. त्यांच्या त्यातल्या त्यात बऱ्या कानाशी तोंड नेलं आणि ओरडले, "ती माणसं आपल्यातली आहेत! त्यांच्या भाषेत नाकाला नाकच म्हणतात! कानाला कान!"

"काय?"

"कान! कान!"

"हाव," ते शांतपणे म्हणाले, "कानच गेलाय. तेच तर सांगून राहिलो."

"तुमचा नाही हो! त्यांचा! पाण्याला पाणी म्हणतात!"

"पाणी पायजे? थांबा." आणि मी नको नको म्हणेपर्यंत ते बाहेर जाऊन ग्लास घेऊन आले. मी पाणी प्यायले. ओरडून घसा सोलवटला होता, बरं वाटलं. आमचं भांडण लागलं की काय म्हणून वॉचमन दारात डोकावून गेला. ड्रायव्हरांनी टोपी घातली, परत हात जोडले आणि म्हणाले, "पुढच्या टायमाला मशीन घालून येतो. पन भाषण पुढच्या महिन्यात मधुमेहावर हाय म्हनत्यात."

ते गेले. मी पडद्यावरची बाई बंद केली.

घरी येऊन कुलूप काढलं, इरकल घडी करून ठेवली. घसा पार बसला होता, शब्द फुटत नव्हता. दोन-तीन दिवस तसाच राहिला. त्यानं अडलं मात्र काही नाही. पोराच्या फोनला ‘हं’ पुरलं.