परतीचं भाडं

रिकामं वाहन रस्त्यावर दिसलं की ज्याच्या पोटात दुखतं असा माणूस त्रिभुवनात एकच असावा, आणि तो नेमका माझ्या बायकोचा मावसा निघावा, हे माझं नशीब! मावसाजींचा धंदा नागपूरला लागून असलेल्या वाडीत, ट्रकांना माल मिळवून देण्याचा. दक्षिणेकडून आलेली एखादी गाडी नारळ उतरवून मोकळी उभी दिसली की यांना घास गिळवत नाही. तिला परतीच्या वाटेवर कापसाच्या गाठी म्हणा, मिरची म्हणा, काहीतरी जोडून देतील तेव्हा कुठे जेवायला बसतील. "गाडी खाली नाही गेली पाहिजे," हा त्यांचा मंत्र. खाली म्हणजे रिकामी. तुमच्याआमच्या यादीत पापं पुष्कळ असतात, मावसाजींच्या यादीत हे एकच आहे.

बरं, हा नियम ट्रकांपुरता असता तर माझं काही म्हणणं नव्हतं. पण माझी स्कूटर! धरमपेठेतून त्यांच्याकडे दिवाळीचा फराळ पोचवायला जावं, तर निघताना हे फाटकापर्यंत येणार, स्कूटरवरची पायाजवळची मोकळी जागा न्याहाळणार आणि म्हणणार, "काहून जवाईबापू, खालीच जाऊन राहिले?" झालं! परतताना माझ्या पायांत कोणाचा तरी बिघडलेला मिक्सर आणि हँडलला कोणाच्या तरी पापडांची पिशवी. "तुमच्या रस्त्यातच तं आहे नं बाप्पा!" नागपुरातलं झाडून प्रत्येक घर माझ्या रस्त्यात आहे, हे मला लग्नानंतर कळलं. एकदा वैतागून म्हणालो, "मावसाजी, कुरिअर म्हणून एक प्रकार असतो." त्यावर शांतपणे उत्तर आलं, "असते नं. पण तुमी तं जाऊनच राहिले."

माझ्या लग्नात तर कहर केला. लग्न बायकोच्या माहेरी, खाप्याला. आमच्या वऱ्हाडाची बस दिवसभर मांडवाबाहेर उभी, आणि तिच्या टपावर काही नाही, हे मावसाजींना कसं सहन व्हावं? निरोपाच्या वेळी इकडे बायको आईच्या गळ्यात पडून रडत होती आणि तिकडे टपावर फुलकोबीची पोती चढत होती. अख्खं वऱ्हाड त्या वासात नागपूरला आलं, आणि बाजारापाशी उतरवून घेतल्यामुळे त्यातला एक गड्डाही आमच्या वाट्याला आला नाही. माझे वडील शेवटपर्यंत सांगत असत, "हुंडा घेतला नाही, पण फुलकोबी वाहिली."

मी हसायचो. मग एकदा मावसाजींनी मला विचारलं, "तुमी नारळ फोडता, त्यात काय काय असते सांगा?" म्हटलं, खोबरं आणि पाणी. "अन् डिझल! गाडीले परतीचं भाडं नाही भेटलं, तं खाली जायाचा सारा खर्च तुमच्या त्या नारळात येते, जवाईबापू." तेव्हापासून किराणा दुकानात उभा राहिलो की माझं मन भलतीकडेच जातं. इथला तांदूळ तिकडे जातो म्हणून तिकडच्या फरश्या इथे परवडतात. कोणाच्या तरी परत जाण्यावर आपला संसार स्वस्त होतो, आणि आपल्याला त्याचा पत्ताही नसतो.

मावसाजींची एकुलती एक लेक रंजू रायपूरला दिलेली. तिकडे जाणाऱ्या प्रत्येक ड्रायव्हरजवळ तिच्यासाठी सांडगे, चिवडा, काही ना काही असायचंच. परत येणारे डबे तेवढे रिकामे आलेले मावसाजींना चालायचे. आणि मागच्या वर्षी एका सकाळी तिचा फोन आला. नवऱ्याने हात उचलला होता, आणि ती पहिली वेळ नव्हती. "बाबा, मले घेऊन जा," एवढंच ती म्हणाली.

नातेवाईक जमले. माझे सासरे समजावू लागले, "जरा दमानं घ्या. एकदा पोरगी सामानासकट आणली का तुटलंच समजा. लोक काय म्हणतील?" मावसाजींनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "धाडून तं कोणीही देते. माह्या धंद्यात गाडी परत कशी येते, ते पाहा लागते. पोरीच्याच बाबतीत काहून नाही पाहायचं?"

वाडीला ट्रक उभा होता. ड्रायव्हर म्हणाला, "शेठ, रायपूरले न्यायचे पाइप आहेत, दुपारपर्यंत भरून होते."

"नाही गा. खाली चाल."

ड्रायव्हरने माझ्याकडे पाहिलं, मी त्याच्याकडे. मावशींनी मला बाजूला घेतलं, "तुमी संग जा बाप्पा, यायचा राग लय वाईट." म्हणून मीही केबिनमध्ये चढलो. रिकामा ट्रक किती आदळतो ते त्या दिवशी कळलं. प्रत्येक दणक्याला मावसाजी डोळे मिटून घेत होते. एरवी मी चिडवलं असतं.

रायपूरला रंजू दारातच उभी होती, हातात एक बॅग. मावसाजींनी ट्रकचा मागचा फाळका उघडायला लावला. लग्नात दिलेलं कपाट, पलंग, सगळं आत घरात होतं. ती म्हणाली, "बाबा, मले काही नको. तुमी फक्त चाला." मावसाजी त्या उघड्या ट्रकपाशी क्षणभर थांबले. मग त्यांनी स्वतःच्या हाताने फाळका लावून घेतला.

परतीला देवरीजवळ चहाला थांबलो. एक राइस मिलवाला ओळखीचा निघाला. "शेठ, खाली आहे नं गाडी? नागपूरले जायाचा तांदूळ आहे, आत्ता भरून देतो!" केबिनमध्ये रंजूला झोप लागली होती. मावसाजींनी पोत्यांच्या थप्पीकडे पाहिलं. "आज नको. पोतं पडलं का दणका बसते. पोरगी झोपली आहे."

आता रंजू वाडीच्या ऑफिसात फोन सांभाळते आणि ड्रायव्हर मावसाजींपेक्षा तिलाच जास्त वचकून असतात. बरं चाललंय. पण त्या टपरीवरचे मावसाजी माझ्या डोळ्यांसमोरून हलत नाहीत. चहाचा ग्लास हातात तसाच धरून ते म्हणाले, "रायपूर काही दूर नाही, जवाईबापू."

"हो नं."

"पोरीकडे जाऊ म्हटलं का दरवेळी मी तिकडच्या मालाची वाट पाहत बसलो. भाडं भेटलं का जाऊ, म्हटलं. खाली काहून जायाचं?" ते केबिनकडे बघत होते. "नुसतंच जायाले पाहिजे होतं."