पडद्याबाहेरचे आजोबा

आमच्या आजोबांचा आवाज तारापूरच्या वाडीतून सुटला की वाणगावला गाडीच्या आधी पोहोचायचा. स्टेशनमास्तर तो ऐकूनच सिग्नल पाडायचा, असं मी आजवर सांगत आलोय आणि ते कुणी खोडून काढलेलं नाही. असा माणूस नशीब काढायला गेला कुठे, तर मूकपटांत.

आधी नट होते. घोड्यावरून असे पडायचे की घोडाच ओशाळायचा. पुढे दिग्दर्शक झाले आणि त्या आवाजाचं चीज झालं. मूकपटाचं कामच तसं होतं: कॅमेरा चालू असताना दिग्दर्शकानं बाजूला उभं राहून खुशाल ओरडावं, "बस. वर बघ. आता रड," आणि नटांनी तसं करावं. मग बोलपट आले. चित्रण सुरू झालं की सगळ्यांनी गप्प बसायचं, आणि नेमकं तेच आजोबांना जमेना. नायिका प्रेमाचं बोलतेय आणि मागून पुरुषी आवाज, "हळू गं, हळू." फिल्म वाया जाऊ लागली, तशी कामं मिळेनाशी झाली. ते गावी येऊन चिकूची वाडी बघू लागले. पुढे जन्मभर झाडाखाली उभं राहून त्यांनी चिकू काढणाऱ्यांचं दिग्दर्शन केलं, पोरींच्या लग्नांचं केलं, माझ्या दूध पिण्याचंसुद्धा केलं.

आत्या त्यांची धाकटी लेक. ती जन्मली तोवर सिनेमा सुटला होता. त्यांचे चित्रपट कुठे जळले, कुठे डब्यातल्या डब्यात विरघळले. तिनं बापाला वाडीत पाहिलं, तिकडे कधीच नाही. आता ती बोईसरला लेकाच्या फ्लॅटमध्ये असते. डोळ्यांत कडेकडेनं अंधार शिरतोय. पालघरच्या डॉक्टरांनी सांगितलंय, जे बघायचं ते बघून घ्या.

"मला बाबांना त्यांच्या कामावर बघायचं हाय," ती म्हणाली. "एकदा. मग डोळे गेले तरी चालंल."

मी मुंबईच्या एका हौशी संग्राहकामागे लागलो. त्याच्याकडे आजोबांच्या चित्रपटाचा एक तुकडा निघाला, चहा गार होईपर्यंतचा. त्यानं तो मला मोबाइलवर पाठवला. मी बघितला आणि कपाळाला हात लावला. चित्रपट त्यांनी दिग्दर्शित केलेला. म्हणजे त्यात सगळे होते, तेवढे आजोबा नव्हते.

तरी गेलो. आत्याला टीव्हीसमोर बसवलं, तुकडा लावला आणि घोड्यावरच्या मिशीवाल्यावर बोट ठेवलं.

"हा बघ तुझा बाप."

"चल, लबाडा. बाबांचे कान असे होते होय?"

ती वाकून बघत राहिली. पडद्यावर एक म्हातारी उंबऱ्यात बसली होती आणि तिचा मुलगा निघाला होता. आत्यानं माझा हात धरला.

"ही सगळी डावीकडं का बघतायत रे?"

खरंच की. म्हातारी रडण्याआधी डावीकडे बघायची. मुलगा वळण्याआधी तिकडेच. घोड्याचेसुद्धा कान तिकडे लागलेले, आणि हे मी पदरचं सांगत नाही.

"तिथं हायत बाबा," ती म्हणाली. "उभे हायत. दिसत नाय तुला?"

मग ती बोलू लागली, वाडीत आजोबा बोलायचे त्या चालीत, म्हातारीच्या नजरेवर नजर ठेवून. "थांब. घाई नको. आता मान वळव. पदर घे. रड, पण हळू." आणि पडद्यावरची म्हातारी हळू रडली.

तुकडा संपला. आत्यानं डोळे पुसले आणि टीव्हीकडे बोट केलं.

"ऊठ. परत लाव. घाई नको."

मी उठलो, आणि जरा डावीकडे बघून घेतलं.