वाळवंटासाठी शिवलेलं जॅकेट

समोरच्या दारातली बाई भेटली की आधी तुमच्या बाहीचं कापड चिमटीत धरायची. "कापड छान आहे हो, पण अंधारात दिसेल का?" असं विचारायची. सकाळी भाजी आणायला निघालेल्या माणसालासुद्धा. तुमच्याही मजल्यावर अशी एखादी असेल, जिच्यावर धड रागावताही येत नाही.

कोलशेतच्या एका कारखान्यात तिने कामगारांना हातमोजे आणि चमकत्या पट्ट्यांची जाकिटं वाटण्यात सगळी नोकरी काढली. निवृत्त झाल्यावर कोपरला आमच्यासमोर राहायला आली. एकटीच. मी तिला ताई म्हणायचे आणि माझी मुलगी केतकी, मावशी. ते 'मावशी' घरात जरा जास्तच ऐकू येऊ लागलं. ऑफिसातून आली की पोरगी चप्पल आमच्या दारात काढायची आणि गप्पा मारायला समोर जायची. मी इकडे चहा गाळून बसलेली.

एका हिवाळ्यात केतकी मैत्रिणींबरोबर राजस्थानात, वाळवंटातल्या उत्सवाला निघाली. रात्री उघड्यावर गाणी, तंबूत मुक्काम. मी ठाण्याला जाऊन तिच्यासाठी काळा लोकरी स्वेटर आणला. तिने तो अंगात घातला आणि तशीच समोर दाखवायला गेली. मी मागोमाग.

ताईने बाही चिमटीत धरली. "काळा? अगं, रात्री वाळूत उंटालासुद्धा दिसणार नाहीस!" मग म्हणाली, "सूर्य बुडला की वाळू गार पडते. एकच जाड काही घालू नकोस. आत अंगाला घट्ट थर्मल, वर स्वेटर, त्यावर वारा अडवणारं जॅकेट. सुती बनियन नको, घामाने भिजलं की हुडहुडी भरेल."

"तुम्ही गेला होतात वाटतं वाळवंटात?" मी विचारलंच.

"कसलं हो! मी नाशिकच्या पुढे गेलेली नाही."

त्या दोघी हसल्या. मी नाही.

मग आठवडाभर समोर मशीन चालू. केतकीच्या जुन्या विंडचीटरला आतून फ्लॅनेलचं अस्तर, पाठीवर आणि बाह्यांवर चमकत्या पट्ट्या, टोपीच्या कडेला चिमुकल्या दिव्यांची माळ. केतकी दिवे लावून घरभर नाचली. "आई, भारी आहे ना?"

भारीच होतं. म्हणून तर आत जळत होतं.

निघायच्या दिवशी केतकी आंघोळीला गेली, तेव्हा मी बॅगेतून जॅकेट काढून माझ्या साड्यांखाली ठेवलं. वर माझा स्वेटर नीट घडी करून ठेवला.

दोन दिवसांनी सकाळी तिचा फोन. "आई, जॅकेट घरीच राहिलं वाटतं. काल काय थंडी गं! आणि तंबूकडे येताना एक जीप अगदी अंगावर आलेली. ड्रायव्हर म्हणतो, मॅडम, दिसलाच नाहीत." ती हसत होती. मी फोन ठेवला आणि साड्या उपसल्या.

जॅकेट घेऊन मी समोर गेले आणि सगळं सांगून टाकलं. ताईने जॅकेटची घडी उलगडली. मग म्हणाली, "मला मुलगी असती आणि शेजारणीने तिला असं काही शिवून दिलं असतं, तर मी कात्रीच चालवली असती. तुम्ही नुसतं लपवलंत."

केतकीची एक मैत्रीण मागाहून, त्याच दिवशी निघणार होती. आम्ही दोघी ठाण्याला तिच्या घरी जाऊन जॅकेट देऊन आलो. परतताना पुन्हा केतकी फोनवर. "पण राहिलं कसं? मी स्वतः भरलेलं!"

मी ताईकडे पाहिलं. ताईने माझ्या हातातून फोन घेतला. "अगं, मीच काढून घेतलेलं. एक टाका उसवलेला, आणि परत द्यायला विसरले. वय झालं आता."

केतकी तिला खूप बोलली. मला पलीकडून ऐकू येत होतं. ताई नुसतं "हो गं, चुकलं माझं" म्हणत राहिली.

गेल्या वर्षी तिचे गुडघे अगदीच गेले. भाचा येऊन तिला चिपळूणला घेऊन गेला. केतकी तिच्या गळ्यात पडून रडली, आणि खरं सांगते, तेव्हाही मला थोडं टोचलंच.

त्याच संध्याकाळी मी केतकीला सगळं सांगितलं. ती म्हणाली, "म्हणजे तिने माझी बोलणी खाल्ली, ती तुझ्यासाठी?"

इतकी वर्षं मी समजत होते, ती बाई फक्त केतकीची.

पुढच्या रविवारी मी चिपळूणला निघाले. केतकी म्हणाली, "थांब, मी पण येते."

म्हटलं, "नको. मी एकटीच जाणार."