नीलिमाताई आणि टिटवीची चार अंडी

सन २०२२. मी एकाहत्तर वर्षांचा. नीलिमाताई उरणला आमच्या ओटीवर आल्या, खुर्ची दिली तरी जमिनीवर बसल्या आणि कानांवर हेडफोन लावून डोळे मिटले. पाखरू आधी ऐकायचं, मग बघायचं, ही त्यांची रीत. मला वाटलं, बाई झोपली.

त्यांचं काम जनावरांचे, पाखरांचे पिक्चर जोडायचं. चित्रण दुसरा करतो. नको ते काढून हवं ते ह्या लावतात. म्हणाल्या, "बावीस वर्षांत अकरा वाघ जोडले काका, समोर एकही पाहिला नाही." मी चौथी नापास, पण न बघता काम कसलं, हे काही माझ्या डोक्यात शिरेना.

पिक्चर आमच्या मिठागरातल्या टिटवीचा होता. ताईंनी कॉम्प्युटर उघडला. टिटवी चार अंड्यांवर बसलेली. मग पाणी घुसलं, अंडी गेली, टिटवी ओरडत फिरतेय. आणि मागे बांधातल्या उघाडीची फळी वर ओढणारा माणूस मी! उधाण आलं की फळी उचलून खाडीचं पाणी आत घ्यायचं, चाळीस वर्षांची सवय. खाली कोण बसलंय, बघितलंच नव्हतं.

"आता हे बघा."

तीच टिटवी, तीच अंडी. पाणी नाही, मी नाही. अंड्यांतून पिल्लं बाहेर.

"ही तिची पिल्लं न्हाईत!"

"दुसऱ्या घरट्यातली आहेत. बघणाऱ्याला कळत नाही. आजवर असंच जोडत आले, कुणाला विचारलं नाही. तुम्हाला विचारते. तुमच्या गावातही दाखवणार आहेत. काय ठेवू?"

बायको आतून म्हणाली, "इचारता काय ताई? या म्हाताऱ्याचं त्वांड न्हाय दिसलं तर गाव सुखी ऱ्हाईल."

पहिल्यात अब्रू जाते. दुसऱ्यात मी नाहीच. चाळीस वर्षं राबलो आणि पुसून टाकलं? राग कुणाचा आलाय, ताईंचा की माझाच, तेही समजेना.

"लबाडी हाय ही," मी म्हटलं.

"आहे. म्हणून तर आले. उद्या दहापर्यंत सांगा," म्हणाल्या आणि उठल्या. त्यानंतर त्यांची भेट नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी आठलाच मी फोन लावला. "ताई, पाणी ठेवा. मलापण ठेवा. अन् खाली नाव लिहा माझं, पुरं, बापाच्या नावासकट."