दोराचं दुसरं टोक

पीळताई आमच्या दोरखान्यात आली तेव्हा सतरा वर्षांची होती आणि तिच्या कडेवर दोन वर्षांचा भाऊ होता. आई-वडील एकाच साथीत गेलेले. मुकादमाने विचारलं, "हे कार्टं ठेवणार कुठे?" ती म्हणाली, "अंबाडीच्या ढिगावर. तो झोपेल, मी वळेन." त्या गोष्टीला आता अडतीस वर्षं झाली. सुंभ जळला तरी पीळ जळत नाही, ही म्हण आमच्याकडे तिच्याकडे बघूनच म्हणतात.

बंदरासमोर समुद्रात खोल दरी आहे. तिच्या तळाशी आत्याबाई राहते. तिचं खरं नाव कुणी घेत नाही. नात्याने हाक मारली की ती अंगावर येत नाही, असा समज आहे. तिला डोळे नाहीत. डोलकाठीएवढे जाड नऊ हात आहेत आणि प्रत्येक हाताला शेकडो बारीक बोटं. सगळं ती चाचपून ओळखते. वरून पडलेली वस्तू तिच्याकडे कधी कुजत नाही, हरवत नाही. आणि तिची एक खोड आहे: सारख्या वस्तूला सारखी वस्तू बांधून ठेवायची. बुटाला बूट, नांगराला नांगर. कोठार लावावं तर आत्याबाईने, असं मी नव्या कारकुनांना नेहमी सांगतो.

दरीच्या कपारीत उजेडाचे शिंपले मिळतात. घराघरांत दिवा म्हणून तेच लावतात. दोन्ही चंद्र दिवसा दिसू लागले की पाणी ओसरतं आणि बुडीवाले कमरेला दोर बांधून खाली उतरतात. दोराचं वरचं टोक होडीच्या तांडेलाच्या हातात असतं. खालून दोन हिसके आले की ओढायचं, एवढाच नियम.

पीळताईचा भाऊ विसाव्या वर्षी बुडीवाला झाला. इतरांचे दोर तीन पेडांचे असतात. त्याच्यासाठी तिने चार पेडांचा वळला. चौथा पेड स्वतःच्या निळ्या शालीच्या लोकरीचा.

दुसऱ्याच महिन्यात त्याच्या होडीचा तांडेल त्या दोराचं वरचं टोक घेऊन दोरखान्यात आला.

"आत्याबाईने ओढून तोडला, ताई. आम्ही तरी काय करणार?"

पीळताईने ते टोक खिडकीपाशी नेलं, उजेडात धरलं आणि बराच वेळ पाहिलं. तांडेल गेल्यावर मी जवळ गेलो.

"ताणून तुटलेल्या दोराचे तंतू लहानमोठे असतात," ती म्हणाली. "एक आधी तुटतो, एक नंतर. हे बघा, सगळे एका लांबीचे. सुरीने कापलाय आणि मग खिळ्याने पिंजलाय. पिंजलाय मात्र छान. हात चांगला आहे मेल्याचा."

"मग सगळ्यांना सांगूया."

"कोण मानेल? अर्धा पुरावा इथे आहे, अर्धा आत्याबाईकडे." तिने ते टोक डब्यात ठेवलं आणि ती कामाला बसली.

अकरा वर्षं गेली. मध्ये पाण्याने कुणाला नेलं नाही. तांडेल पैशाने आणि मानाने वाढला आणि सगळ्या तांडेलांनी त्याला आपला नाईक निवडलं. रीत अशी की नव्या नाईकाने कपारीपर्यंत एक बुडी स्वतः मारायची, आणि पाण्याने ज्या घराचा माणूस शेवटचा नेला त्या घराने दोर धरायचा. तांडेल पुन्हा दोरखान्यात आला.

"ताई, रीत आहे म्हणून विचारतो. पण तुम्हाला उगीच त्रास नको. दुसरं कुणी धरेल."

"त्रास कसला? तुमचा दोरही मीच वळते."

उरलेली अर्धी शाल तिने त्या आठवड्यात उसवली. मुकादम म्हणाला, "चार पेड कशाला गं?" ती म्हणाली, "वजनदार माणूस झालाय आता."

बुडीच्या दिवशी होडीत आठ तांडेल होते आणि दोरखान्यातर्फे मी. दोर सरसरत खाली गेला आणि थांबला. थोड्या वेळाने दोन हिसके आले. पीळताई हलली नाही.

पुन्हा दोन.

"ताई, ओढा की!" कुणीतरी ओरडलं.

"थांबा. माझ्या भावाने किती वेळा ओढलं असेल, ते मोजते आहे."

सहा वेळा हिसके आले तेव्हा तिने ओढायला सुरुवात केली. तांडेलाचं डोकं पाण्याबाहेर आलं. त्याने होडीची कड धरली, आणि सगळ्यांना दिसलं. त्याच्या कमरेजवळ नव्या दोराला एक जुना दोर बांधलेला होता. चार पेड, एक निळा. माणसाच्या बोटांना जमणार नाही अशी बारीक गाठ. जुन्या दोराचं वरचं टोक मोकळं लोंबत होतं. ते कुणी पिंजलेलं नव्हतं. काप सरळ होता, भाकरी कापावी तसा.

"हा काप कुणाचा?" पीळताईने विचारलं.

तांडेल धापा टाकत होता. "आत्याबाईचा हात वर येताना दिसला. मी घाबरलो."

"त्याने हिसके दिले होते?"

"दिले होते."

"मग घाबरलो असं सांगायचं होतंस. पिंजलंस कशाला?"

मागून एक तांडेल म्हणाला, "सोडा त्याला खाली, ताई. तुमचा हक्क आहे."

ती म्हणाली, "सोडला तर सुटेल." आणि तिने त्याला दंडाला धरून होडीत ओढलं.

दोर कापणाऱ्याला आमच्याकडे पुन्हा कुणी होडीत घेत नाही, आणि त्याची शिक्षा ठरवतं ते दुखावलेलं घर. पीळताईने मागणी केली: "आमच्याकडे अंबाडी पिंजायला बसवा. हात बसलेलाच आहे."

त्याला नऊ वर्षं झाली. तो तिच्या समोरच्या पाटावर बसतो. त्याच्या डोळ्यांसमोर खिळ्याला ती दोन टोकं टांगलेली आहेत. पहिल्याच दिवशी तिने त्याला सांगितलं होतं, "ही दोन अशी सांध की सांधा दिसता कामा नये. जमलं की जा." रोज काम सुटायच्या आधी तो सांधतो. रोज ती सांध्यावरून अंगठा फिरवते, उसवते आणि टोकं परत टांगते. पिंजताना झडलेले तंतू तो आणणार कुठून?

पुढच्या महिन्यात मी निवृत्त होतोय, म्हणून परवा धीर करून म्हणालो, "ताई, म्हातारा झालाय तो. आता पुरे करा."

तिने सांध्यावरून अंगठा फिरवला.

"माझा भाऊ यंदा चाळीस वर्षांचा झाला असता," ती म्हणाली, आणि तिने सांधा उसवला.